विंडोज-ऑफिसचे फुकट ॲक्टिव्हेटर : धोके कोणते आणि शिक्षकांसाठी सुरक्षित पर्याय कोणते?



आपल्यापैकी बहुतेकांच्या लॅपटॉपवर कधी ना कधी उजव्या कोपऱ्यात खाली एक फिकट ओळ दिसलेली असते - "ॲक्टिव्हेट विंडोज". वर्गात प्रोजेक्टर लावला की ती ओळ भिंतीवर मोठी होऊन दिसते. मग स्टाफरूममध्ये कोणीतरी सांगतं, "अहो, त्यात काय एवढं! यूट्यूबवर बघा, दोन मिनिटांत होतं." आणि आपण बघतो. मीही बघितलं होतं. त्याचं पुढे काय झालं ते आधी सांगते, मग विषयाकडे वळू.

माझा अनुभव

एप्रिल २०२२. निकालाचे दिवस. आमची शाळा घाटकोपरच्या बाजूला आहे आणि माझ्याकडे तेव्हा चौथीचा वर्ग होता. लॅपटॉप सेकंडहॅण्ड होता, उपनगरातल्याच एका दुकानातून घेतलेला. पालकसभेत निकालाचं सादरीकरण दाखवायचं होतं आणि ती फिकट ओळ मला नको होती. एका व्हिडिओखाली दिलेली लिंक उघडली. त्यात स्पष्ट लिहिलं होतं, "आधी अँटिव्हायरस बंद करा, नाहीतर फाईल चालणार नाही." मी बंद केला. फाईल उघडताना कॉम्प्युटरने विचारलं, या प्रोग्रामला बदल करू द्यायचे का? मी "होय" म्हटलं.

थोड्या वेळाने विंडोज अपडेट चालू आहे अशी खिडकी आली. मला वाटलं काम होतंय, म्हणून मी स्वयंपाकाला लागले. परत आले तर एकही फाईल उघडेना. प्रत्येक फाईलच्या नावापुढे चार अनोळखी अक्षरं चिकटली होती. प्रत्येक फोल्डरमध्ये एक चिठ्ठी होती - फाईल परत हव्या असतील तर ९८० डॉलर, ७२ तासांत दिले तर ४९०. तेव्हाच्या दराने ४९० म्हणजे जवळपास ३७ हजार रुपये. कोपऱ्यातली ती ओळ मात्र जशीच्या तशी होती!

आकारिक-संकलित मूल्यमापनाच्या ३८ मुलांच्या नोंदी, चार वर्षांच्या स्वाध्यायपत्रिका, स्नेहसंमेलनाचे फोटो, सगळं गेलं. पैसे मी दिले नाहीत. नोंदी कागदी वहीवरून पुन्हा टाईप केल्या, त्यात पाच रात्री गेल्या. स्वाध्यायपत्रिका जेवढ्या व्हॉट्सॲप ग्रुपवर पाठवल्या होत्या तेवढ्याच परत मिळाल्या. दोन दिवसांनी माझ्या ईमेलमध्ये कोणीतरी अनोळखी ठिकाणाहून शिरल्याची सूचना आली, ते वेगळंच.

शेवटी माझा एक जुना विद्यार्थी मदतीला आला. तो आता इंजिनिअरिंगला आहे. त्याने लॅपटॉप पूर्ण पुसला, कंपनीच्या अधिकृत साईटवरून विंडोज घेऊन टाकली आणि हसत म्हणाला, "बाई, तुमच्या लॅपटॉपमध्ये विंडोज होमचं स्वतःचं लायसन्स आहे. दुकानदाराने वरून प्रो टाकली होती, म्हणून ती ओळ येत होती. आता बघा, इंटरनेट लागल्याबरोबर आपोआप ॲक्टिव्हेट झाली." म्हणजे ज्याच्यासाठी मी हा सगळा उपद्व्याप केला, ते माझ्याकडे आधीपासून होतं.

तेव्हापासून या विषयाची जी माहिती गोळा केली, ती या लेखात देते आहे.

ॲक्टिव्हेटर म्हणजे काय? तो काय करतो?

मोठ्या कंपन्या आणि विद्यापीठं शेकडो कॉम्प्युटरसाठी एकगठ्ठा लायसन्स घेतात. प्रत्येक कॉम्प्युटरवर वेगळी की टाकत बसायला नको म्हणून मायक्रोसॉफ्टने त्यांना एक सोय दिली आहे. तिचं नाव 'की मॅनेजमेंट सर्व्हिस', म्हणजेच 'केएमएस'. संस्थेतला एक सर्व्हर बाकीच्या कॉम्प्युटरना "तू आपलाच आहेस" असा दाखला देतो. हा दाखला १८० दिवस चालतो. तो संपण्याआधी कॉम्प्युटर सर्व्हरकडून तो पुन्हा पुन्हा नवा करून घेत राहतो.

बाजारात फिरणारे बहुतेक ॲक्टिव्हेटर याच सोयीची नक्कल करतात. ते तुमच्याच लॅपटॉपवर एक खोटा सर्व्हर उभा करतात, किंवा दूरच्या कुठल्यातरी अनोळखी सर्व्हरशी लॅपटॉप जोडून देतात. बिचाऱ्या विंडोजला वाटतं आपण एखाद्या मोठ्या संस्थेत आहोत. पण दाखला १८० दिवसांचाच असल्यामुळे तो नवा करायला काहीतरी सतत मागे चालू ठेवावं लागतं. म्हणजे एकदा चालवला आणि विषय संपला, असं नसतं. अनोळखी माणसाने लिहिलेला प्रोग्राम सर्व अधिकारांसह तुमच्या लॅपटॉपवर कायमचा राहायला येतो.

याशिवाय खोटी की तयार करणारे 'कीजेन', मूळ प्रोग्रामची फाईल बदलणारे 'पॅच', फोटोशॉप-कोरलड्रॉसारख्या प्रोग्रामच्या 'क्रॅक' आवृत्त्या हे प्रकारही आहेत. धोका सगळ्यांत सारखाच आहे.

खरा धोका कुठे आहे?

आपल्या सोसायटीचं उदाहरण घेऊ. एक माणूस येतो आणि म्हणतो, "मी तुमचा नळ फुकट दुरुस्त करतो. फक्त दोन गोष्टी करा. वॉचमनला तासभर सुट्टी द्या आणि घराच्या सगळ्या चाव्या माझ्याकडे द्या." आपण देऊ का?

ॲक्टिव्हेटर नेमक्या याच दोन गोष्टी मागतो. अँटिव्हायरस बंद करा आणि ॲडमिनिस्ट्रेटरचे अधिकार द्या. चोराला आत शिरायला याहून जास्त काही लागतच नाही. एरवी त्याला बरीच खटपट करावी लागली असती, इथे दार आपणच उघडून देतो.

जगात आणि भारतात हे कसं घडलं?

१. फाईल कुलूपबंद करणारे व्हायरस : माझ्या लॅपटॉपवर आला तो 'स्टॉप' किंवा 'डीजेव्हीयू' नावाच्या रॅन्समवेअर कुटुंबातला. हा मुख्यतः क्रॅक आणि ॲक्टिव्हेटरमधूनच पसरतो. मोठ्या कंपन्यांपेक्षा तुमच्या-आमच्यासारखे घरगुती वापरकर्ते, विद्यार्थी, छोटे दुकानदार हेच त्याचं भक्ष्य. खोटी विंडोज अपडेटची खिडकी दाखवून तो मागे फाईल बंद करत जातो. २०१९ साली एम्सिसॉफ्ट या कंपनीने त्याच्या १४८ जुन्या प्रकारांसाठी फाईल सोडवण्याचं मोफत साधन काढलं. पण त्याच सुमारास चोरांनी कुलपाची पद्धत बदलली. नंतरच्या प्रकारांमध्ये फाईल परत मिळतीलच याची खात्री नसते. माझ्या मिळाल्या नाहीत.

२. पासवर्ड चोरणारे व्हायरस : डिसेंबर २०२१ मध्ये रेड कॅनरी या सुरक्षा कंपनीने 'केएमएसपिको' या प्रसिद्ध ॲक्टिव्हेटरच्या नावाने पसरणाऱ्या 'क्रिप्टबॉट' व्हायरसची माहिती दिली. त्यात लक्षात घेण्यासारखी गोष्ट अशी की चोर त्यासोबत खरा ॲक्टिव्हेटरही टाकत होते. विंडोज खरोखर ॲक्टिव्हेट होत होती, कारण वापरणाऱ्याला तेच अपेक्षित असतं. त्याचं समाधान होतं आणि तो शंका घेत नाही. मागे ब्राउझरमध्ये साठवलेले पासवर्ड गुपचूप निघून जातात.

म्हणजे "माझं तर व्यवस्थित ॲक्टिव्हेट झालं, काही झालं नाही" हा सुरक्षिततेचा पुरावा होत नाही.

३. क्लिपबोर्ड बदलणारा व्हायरस : 'केएमएसऑटो' नावाच्या ॲक्टिव्हेटरमध्ये व्हायरस मिसळून २०२० ते २०२३ या काळात तो सुमारे २८ लाख वेळा पसरवला गेला. या प्रकरणात लिथुआनियाच्या एका नागरिकाला २०२५ मध्ये दक्षिण कोरियाच्या पोलिसांच्या ताब्यात देण्यात आलं. आपण क्रिप्टो खात्याचा पत्ता कॉपी करून पेस्ट केला की हा व्हायरस तो मधल्यामध्ये बदलून चोराचा पत्ता टाकत असे. आपल्याकडे क्रिप्टो नसेलही. पण कॉपी-पेस्ट केलेला मजकूर वाचता आणि बदलता येतो, हे यातून कळतं.

४. पत्त्यातलं एक अक्षर : काही जण म्हणतात, "आम्ही अमुक स्क्रिप्ट वापरतो, तिचा कोड सगळ्यांना दिसतो, ती सुरक्षित आहे." २०२५ च्या अखेरीस अशाच एका प्रसिद्ध स्क्रिप्टच्या पत्त्यातलं फक्त एक अक्षर गाळून चोरांनी खोटी साईट उभी केली होती. घाईत टाईप करताना ज्यांचं ते अक्षर राहिलं, त्यांच्या कॉम्प्युटरमध्ये व्हायरस शिरला. शिवाय कोड उघडा आहे म्हणून लायसन्स वैध होत नाही, ते वेगळंच.

शिक्षकाच्या लॅपटॉपमध्ये काय असतं?

"माझ्या लॅपटॉपमध्ये आहेच काय चोरण्यासारखं?" असं मलाही वाटायचं. एकदा शांतपणे यादी करून बघा :

- युडायस प्लस, सरल, शालार्थ यांचे ब्राउझरमध्ये साठवलेले पासवर्ड
- मुलांची नावं, जन्मतारखा, आधार क्रमांक असलेल्या एक्सेल फाईल
- पालकांचे मोबाईल नंबर, शिष्यवृत्तीसाठी घेतलेली बँक खात्यांची माहिती
- मुलांचे फोटो आणि ओळखपत्रं
- स्वतःचं नेटबँकिंग, ईमेल, व्हॉट्सॲप वेब

यातली पहिली आणि शेवटची ओळ आपल्यापुरती आहे. मधल्या तिन्ही ओळी दुसऱ्यांच्या आहेत. ज्या आईने "बाई, घ्या" म्हणून विश्वासाने आधार कार्डाची झेरॉक्स हातात दिली, तिची ती माहिती आहे. तिला ॲक्टिव्हेटर म्हणजे काय हे माहीतही नाही. आपला पासवर्ड बदलता येतो, पण मुलाची जन्मतारीख बदलता येत नाही. २०२३ च्या डिजिटल वैयक्तिक माहिती संरक्षण कायद्यानेही १८ वर्षांखालील मुलांची माहिती सांभाळण्याची जबाबदारी माहिती ठेवणाऱ्या संस्थेवर टाकली आहे.

आणखी एक गोष्ट. आपल्याला वाटतं ओटीपी आहे, मग काळजी कशाला? पण पासवर्ड चोरणारे व्हायरस 'कुकी' सुद्धा नेतात. कुकी म्हणजे आपण आधीच लॉगिन केलेलं आहे याची साईटने दिलेली खूण. ती चोराच्या हाती लागली तर अनेक साईट त्याला पुन्हा पासवर्डही विचारत नाहीत आणि ओटीपीही नाही.

कायदा काय सांगतो?

कॉपीराइट कायदा १९५७ च्या कलम ६३ब नुसार, बेकायदा प्रत आहे हे माहीत असून ती कॉम्प्युटरवर वापरणं हा गुन्हा आहे. शिक्षा किमान ७ दिवस ते ३ वर्षं कैद आणि ५० हजार ते २ लाख रुपये दंड. वापर नफ्यासाठी किंवा व्यवसायासाठी नसेल, तर न्यायालय कारणं नोंदवून कैद टाळू शकतं आणि ५० हजारांपर्यंत दंड करू शकतं. "घरगुती वापर आहे, चालतं" हा समज त्यामुळे बरोबर नाही.

आपली विंडोज खरी आहे का? असं तपासा

१. सेटिंग्ज उघडा, सिस्टिममध्ये जा आणि ॲक्टिव्हेशन बघा. (विंडोज १० मध्ये हे 'अपडेट अँड सिक्युरिटी'खाली असतं.)

२. तिथे 'डिजिटल लायसन्स'ने ॲक्टिव्हेट झाल्याचं लिहिलेलं असेल तर सहसा ठीक आहे.

३. तिथे 'युवर ऑर्गनायझेशन्स ॲक्टिव्हेशन सर्व्हिस' असे शब्द असतील आणि लॅपटॉप तुमच्या घरचा असेल, तर थांबा. तुमच्या घरात कुठलीही ऑर्गनायझेशन नाही. बहुधा दुकानदाराने ॲक्टिव्हेटर चालवलेला आहे.

४. विंडोज सिक्युरिटीमध्ये 'एक्सक्लूजन्स' नावाची यादी असते. ज्या फोल्डरांकडे अँटिव्हायरसने बघायचं नाही, त्यांची ही यादी. तुम्ही स्वतः काही टाकलेलं नसताना तिथे नावं दिसली तर ती धोक्याची खूण आहे.

आधीच चालवला असेल तर काय करायचं?

घाबरू नका, लपवूही नका. पुढील क्रमाने करा :

१. इंटरनेट बंद करा. वायफाय बंद, डोंगल काढा.

२. मोबाईलवरून किंवा दुसऱ्या सुरक्षित कॉम्प्युटरवरून पासवर्ड बदला. आधी ईमेल, मग बँक, मग शाळेची पोर्टल. त्याच लॅपटॉपवरून बदलू नका, नवा पासवर्डही चोराला दिसेल. ईमेलमध्ये 'सर्व डिव्हाइसमधून लॉगआउट' हा पर्याय वापरा, म्हणजे चोरलेल्या कुकी निकामी होतात. दुहेरी पडताळणी चालू करा.

३. फक्त कागदपत्रं, फोटो आणि व्हिडिओ पेनड्राईव्हवर घ्या. सेटअप, क्रॅक, झिप अशा फाईल घेऊ नका.

४. लॅपटॉप पूर्ण पुसून मायक्रोसॉफ्टच्या अधिकृत साईटवरून घेतलेली विंडोज टाका. नुसता ॲक्टिव्हेटर अनइन्स्टॉल करून काम भागत नाही, कारण त्याने आणखी काय काय ठेवलंय हे आपल्याला कळत नाही.

५. फाईल कुलूपबंद झाल्या असतील तर पैसे देऊ नका. पैसे देऊनही फाईल मिळतीलच याची हमी नसते. 'नो मोअर रॅन्सम' या साईटवर कुलूप सोडवण्याची मोफत साधनं एकत्र ठेवलेली आहेत, तिथे आपला प्रकार आहे का बघा. नसेल तरी बंद फाईल जपून ठेवा, पुढे साधन निघू शकतं.

६. खात्यातून पैसे गेले असतील तर लगेच १९३० या क्रमांकावर फोन करा. जितका उशीर तितके पैसे अडवणं अवघड. इतर तक्रारी राष्ट्रीय सायबर गुन्हे पोर्टलवर नोंदवता येतात. केंद्र सरकारच्या 'सायबर स्वच्छता केंद्रा'च्या साईटवर व्हायरस काढण्याची मोफत साधनं मिळतात.

७. शाळेची माहिती त्या लॅपटॉपवर असेल तर मुख्याध्यापकांना सांगा. सांगायला जड जातं, मलाही गेलं. पण पोर्टलचा पासवर्ड वेळेत बदलता आला तो सांगितल्यामुळेच.

सुरक्षित पर्याय

आता मुख्य भाग. आपल्याला नक्की काय लागतं? मराठीत टाईप करणं, एक तक्ता, एक सादरीकरण, कधी एखादं बॅनर, कधी छोटा व्हिडिओ. एवढ्यासाठी एकही क्रॅक लागत नाही.

१. आधी आपलंच लायसन्स शोधा. विंडोज ८ च्या काळापासून, म्हणजे २०१२ नंतर, कंपनीकडून विंडोजसह आलेल्या लॅपटॉपची की मदरबोर्डवरच साठवलेली असते. तीच आवृत्ती, म्हणजे होम असेल तर होम, पुन्हा टाकली की ती आपोआप ॲक्टिव्हेट होते. फॉरमॅट मारायला देताना दुकानदाराला स्पष्ट सांगा, "जी आली होती तीच टाका, प्रो नको."

२. ती फिकट ओळ म्हणजे आग लागलेली नाही. विंडोज १० किंवा ११ ॲक्टिव्हेट नसेल तर वॉलपेपर-रंग बदलता येत नाहीत आणि ती ओळ दिसते. पण त्यामुळे सुरक्षा अपडेट थांबत नाहीत. कायम असं वापरणं नियमात बसत नाही, लायसन्स घ्यायलाच हवं. पण पैसे जमेपर्यंतचे चार दिवस ती ओळ दिसली तर ॲक्टिव्हेटर चालवण्याइतकं मोठं संकट आलेलं नसतं.

३. लिबर ऑफिस. वर्ड, एक्सेल, पॉवरपॉइंटची जवळपास सगळी कामं करणारं, पूर्ण मोफत आणि कायदेशीर. मेनू मराठीतही करता येतात. वर्ड-एक्सेलच्या फाईल उघडतात आणि त्याच प्रकारात सेव्हही होतात. गुंतागुंतीच्या फाईलची मांडणी थोडी हलू शकते, म्हणून प्रिंटला देताना पीडीएफ करून द्या.

४. ऑनलाइन ऑफिस. मायक्रोसॉफ्टचंच वर्ड-एक्सेल ब्राउझरमध्ये मोफत वापरता येतं, फक्त खातं लागतं. गूगल डॉक्समध्ये मराठीत बोलून टाईप करता येतं. शाळेने संस्था म्हणून नोंदणी केली तर पात्र शाळांना मायक्रोसॉफ्ट आणि गूगल या दोघांचीही मूलभूत शैक्षणिक योजना मोफत मिळते.

५. मराठी टायपिंग. क्रॅक केलेलं मराठी टायपिंग सॉफ्टवेअर अनेक शाळांमध्ये दिसतं. त्याची गरज नाही. २०१९ पासून विंडोजमध्येच 'मराठी फोनेटिक' कीबोर्ड आहे, इंग्रजी अक्षरांवरून मराठी उमटतं. इनस्क्रिप्ट तर आधीपासूनच आहे. फॉण्ट हवेत? मुंबईच्या 'एक टाईप' गटाचे मुक्त आणि बालू, राज्य मराठी विकास संस्थेचे यशोमुद्रा आणि यशोवेणू, आयआयटी मुंबईचा शोभिका हे सगळे मोफत आहेत. हे युनिकोड असल्याने दुसऱ्याच्या मोबाईलवरही मजकूर नीट दिसतो, चौकोन-चौकोन येत नाहीत.

६. चित्र, बॅनर, व्हिडिओ. फोटोशॉपऐवजी गिम्प, कोरलड्रॉऐवजी इंकस्केप, स्क्रीन रेकॉर्डिंगला ओबीएस स्टुडिओ, व्हिडिओ कापायला-जोडायला शॉटकट. कॅन्व्हाची शिक्षण आवृत्ती शालेय शिक्षकांना पडताळणी करून मोफत मिळते. झिप फाईलसाठी सेव्हन-झिप.

७. जुन्या कॉम्प्युटरसाठी लिनक्स. १४ ऑक्टोबर २०२५ ला विंडोज १० चा नियमित सपोर्ट संपला. शाळांमधले अनेक जुने कॉम्प्युटर विंडोज ११ च्या अटींत बसत नाहीत. अशांना लिनक्स मिंट किंवा उबुंटू हा चांगला पर्याय आहे. सी-डॅकने भारतासाठी 'बॉस' नावाचं लिनक्स तयार केलं आहे. हे शाळेत खरंच चालतं का? केरळकडे बघा. तिथे सरकारी आणि अनुदानित शाळांमध्ये अनेक वर्षांपासून लिनक्स आहे. २०१९ मध्ये त्यांच्या 'काइट' या संस्थेने दोन लाखांहून जास्त शालेय कॉम्प्युटरसाठी नवी आवृत्ती दिली.

शिकवणार कोण? पवईला जा - घरबसल्या!

"हे सगळं ठीक आहे मॅडम, पण शिकवणार कोण?" हा प्रश्न मला नेहमी येतो. उत्तर आपल्या उपनगरातच आहे. अंधेरी, घाटकोपर, मुलुंड यांच्या मधोमध पवईला आयआयटी मुंबई आहे. तिथला 'स्पोकन ट्युटोरियल' प्रकल्प केंद्र सरकारच्या शिक्षण मंत्रालयाच्या योजनेतून उभा राहिला. प्राध्यापक कन्नन मौदगल्य यांनी त्याचं नेतृत्व केलं. त्याच संस्थेत 'फॉसी' नावाचा प्रकल्पही आहे. महागड्या सॉफ्टवेअरऐवजी शिक्षणात मुक्त सॉफ्टवेअर यावं, हेच त्याचं काम.

स्पोकन ट्युटोरियलमध्ये साधारण दहा-दहा मिनिटांचे धडे आहेत. लिबर ऑफिसचं रायटर, कॅल्क, इम्प्रेस, शिवाय गिम्प, लिनक्स अशा विषयांवर. निवेदन अनेक भारतीय भाषांत आहे आणि मराठीतही आहे. शिकण्याची पद्धत सोपी. अर्ध्या स्क्रीनवर धडा लावायचा, उरलेल्या अर्ध्यावर तसंच करत जायचं. धडा थांबवायचा, करायचं, पुढे जायचं. मी कॅल्क असंच शिकले, रोज रात्री एक धडा. आता माझ्या वर्गाचं निकालपत्रक कॅल्कमध्येच आहे, आणि शाळेतल्या दोन मैत्रिणींनीही तेच सुरू केलं आहे.

नेहमी विचारले जाणारे प्रश्न

अँटिव्हायरस ॲक्टिव्हेटरला उगाचच व्हायरस म्हणतो ना?
कधी कधी तो फक्त 'हॅकटूल' असं म्हणतो, म्हणजे लायसन्स फोडणारं साधन. पण इशारा येणारच आणि तो दुर्लक्षायचाच, असं आपण आधीच ठरवलं की खरा व्हायरस आला तरी आपल्याला तोच इशारा दिसणार आणि आपण तसंच पुढे जाणार. चोरांचा सगळा भरवसा आपल्या याच सवयीवर आहे.

तीन वर्षं वापरतोय, काहीच झालं नाही.
फाईल बंद करणारा व्हायरस लगेच कळतो. पासवर्ड नेणारा कळू न देताच जातो. काही झालं नाही आणि काही कळलं नाही, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

ऑनलाइन तीन-चारशे रुपयांत की मिळते, ती चालेल का?
ती सुरुवातीला चालते म्हणून खरी वाटते. बऱ्याचदा ती कुठल्या तरी संस्थेच्या एकगठ्ठा लायसन्समधून विकलेली असते आणि नंतर कंपनी ती बंद करते. बिल देणाऱ्या अधिकृत विक्रेत्याकडूनच घ्या.

शाळेकडे निधीच नाही, मग काय करायचं?
म्हणूनच तर वरचे मोफत पर्याय. एका कॉम्प्युटरपासून सुरुवात करा. सगळे एकदम बदलायची गरज नाही.

बॅकअप कसा ठेवू?
सोपा नियम : एकूण तीन प्रती, दोन वेगळ्या साधनांवर, एक घराबाहेर. लॅपटॉप, पेनड्राईव्ह आणि गूगल ड्राईव्ह. पेनड्राईव्ह काम झाल्यावर काढून ठेवा, लावलेला राहिला तर त्याच्याही फाईल बंद होतात.

समारोप

वर्गात एखाद्या मुलाने दुसऱ्याचं खोडरबर न विचारता घेतलं तर आपण त्याला जवळ बसवून समजावतो. तीच मुलं आपला लॅपटॉप बघत असतात. आता आमच्या शाळेत सहावी-सातवीची मुलं विचारतात, "बाई, गेमचा क्रॅक टाकू का?" पूर्वी मी गप्प बसले असते, कारण माझ्याच लॅपटॉपवर तेच होतं. आता माझी ती एप्रिलची गोष्ट सांगते. मुलं लक्ष देऊन ऐकतात. एकाने विचारलं, "बाई, मग आमचे फोटो पण गेले?" हो म्हणावं लागलं.

आज शाळेतून घरी गेल्यावर एवढंच करा. सेटिंग्जमधलं ॲक्टिव्हेशनचं पान उघडून बघा आणि मुलांच्या नोंदींची एक प्रत पेनड्राईव्हवर घ्या. दहा मिनिटांचं काम आहे. लेख उपयोगी वाटला तर आपल्या केंद्राच्या ग्रुपवर नक्की पाठवा.